देवाची पाठ

भालेराव बाईंवर माझा राग आहे. त्या संगमनेर सोडून गेल्या त्याला कितीतरी वर्षं झाली, पण राग आहे तिथंच आहे. त्यांचं नाव निघालं की लोकांचा आवाज मऊ होतो. "काय साधी बाई होती!" म्हणतात. मी घण मारत मारत स्वतःच्या खडी-क्रशरपर्यंत आलेला माणूस. वाटेत ठेकेदार, तलाठी, डंपरवाले, सगळ्यांशी सौदे केले. समोरच्याला आधी बोलू द्यायचं आणि मग त्याच्याच तोंडचा भाव खाली ओढायचा, ही माझी रीत. या एका साध्या बाईपुढं ती कधी चालली नाही.

मार्था भालेराव. कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवायच्या. ठेंगण्या, काटक, सुती पातळ आणि पायात पुरुषी कॅनव्हासचे बूट. गळ्यात दागिना म्हणून बुटाच्या काळ्या नाडीत ओवलेलं भिंग. काहीही विचारा, बाई आधी पदरानं ते भिंग पुसणार, मग उजेडाकडं धरून बघणार, मग उत्तर देणार. उत्तर बहुतेक वेळा एकच असायचं, "खात्री नाही." पोरांनी त्यांचं नावच 'खात्री नाही' ठेवलं होतं.

कॉलेजातल्या एका कारकुनानं सांगितलेली गोष्ट. कुणी मोठे पाहुणे आले होते. आवारातल्या झाडाकडं बोट दाखवून त्यांनी सहज विचारलं, "मॅडम, हे कसलं झाड?" बाई म्हणाल्या, "पान हातात आल्याशिवाय कसं सांगू?" प्राचार्य ओशाळून म्हणाले, "अहो, कडुनिंब आहे तो!" तर बाई म्हणाल्या, "बकाणही असू शकेल. लांबून सारखाच दिसतो." आणि तरातरा झाडाकडं गेल्या. पान तोडलं, पाठपोट बघितलं, परत येऊन समाधानानं म्हणाल्या, "कडुनिंबच आहे." तोवर पाहुणे जेवायला बसले होते.

माझी त्यांची गाठ पडली ती नव्वदीच्या मधल्या वर्षांत. नाशिक–पुणे रस्त्याचं रुंदीकरण निघालं होतं आणि खडीला मरणाची मागणी होती. आमच्या गावच्या डोंगराचा खाणपट्टा मी नुकताच मिळवला होता. मिळवला म्हणजे भांडून मिळवला. ज्यांना मिळाला नाही ते माझ्याविरुद्ध अर्ज करत हिंडत होते. अशात एके सकाळी खाणीवर गेलो, तर डोंगराच्या कडेवरच्या मोठ्या काळ्या दगडापाशी एक बाई उकिडवी बसलेली. शेजारी पिशवी, हातात औषधाची असते तशी लहान बाटली आणि ड्रॉपर.

माझं डोकं फिरलं. दगड तपासतात! कुणीतरी पाठवलंय. वर पोचेपर्यंत माझा श्वास चढला होता आणि तोंडात शिव्या तयार होत्या.

"कोण तुम्ही? कुणाला विचारून आलात इथं?"

बाईंनी मान वळवली नाही. "सावली पडतेय तुमची. जरा बाजूला व्हा."

आणि मी झालो की बाजूला! माझ्याच खाणीत.

दगडाच्या सावलीकडच्या अंगाला राखाडी-पिवळट खरपुडी होती. तळं आटल्यावर गाळ भेगाळतो तशी भेगाळलेली आणि कडेनं काळी बारीक रेघ. बाईंनी त्यावर एक थेंब सोडला. डाग लालभडक झाला, क्षणभर टिकला आणि विरून गेला.

"तांबं आहे का लोखंड?" मी विचारलं.

"कपडे पांढरे करायचं पाणी आहे हे," बाटली दाखवत त्या म्हणाल्या. "आणि ते शैवाक."

"शेवाळ?"

"शेवाळ नाही." तेवढ्यापुरता त्यांचा आवाज चढला. "मसाल्यात घालता ते दगडफूल माहीत आहे? त्याच्या गोतातलं. बुरशी आणि शैवाल, दोन जीव एकत्र राहतात. एकीकडे घर, दुसरीकडे चूल. वेगळे झाले की दोघंही रस्त्यावर. काही शैवाकं या थेंबानं लाल होतात, काही होत नाहीत. ओळखायची एक खूण."

"मग ओळखलं का हे?"

पदर, भिंग, उजेड. "खात्री नाही. असं मी कुठं बघितलेलं नाही. अकोले तालुक्याचे डोंगर हिंडले, पारनेरकडचं पठार झालं. कुठंच नाही."

मी सांगितलं की हा दगड याच महिन्यात उडवायचाय, त्याच्यामागं खाणीतला सगळ्यात चांगला पाषाण आहे. बाई पहिल्यांदा माझ्याकडं वळल्या. चेहरा एकदम ओढल्यासारखा झाला होता.

"याला अजून फळ नाही," त्या म्हणाल्या. "फळाशिवाय बीजाणू बघता येत नाहीत आणि त्याशिवाय हे कोणत्या जातीचं ते सांगता येत नाही. पावसाळा सरेपर्यंत थांबा."

"दगड कापून कॉलेजात आणून टाकतो. घरपोच. काय?"

"मरेल ते. इथलं दव, इथली सावली. वर्षाला केसाएवढं वाढतं हे. हा डाग तुमच्या पणजोबांच्या आधीचा असेल."

मला तिथं गिऱ्हाईक दिसलं. गरज असलेलं गिऱ्हाईक. मी त्यांना खाली पत्र्याच्या शेडमध्ये नेलं, रामभाऊ म्हणून ओळख दिली, चहा सांगितला आणि माझ्या रीतीप्रमाणं गप्प बसलो. बाईही गप्प. बशीत चहा ओतून फुंकर घालत राहिल्या. अर्धा चहा संपला. शेवटी मीच तोंड उघडलं, तिथंच हरलो.

"थांबलो तर मला काय?"

"काही नाही."

"बरं, हे नवीन निघालं तर?"

"तर नाव द्यावं लागेल." मग बशीकडं बघत हळू म्हणाल्या, "तीस वर्षं दुसऱ्यांनी दिलेली नावं शिकवतेय. एकदा आपण द्यावं, असं वाटतं हो."

"मग माझ्या आईचं द्या. पार्वती. दिवाळीपर्यंत दगडाला हात लागणार नाही."

"नाव असं ठरवून देत नाहीत, रामभाऊ. गावाचं देता येईल. तेही नवीन असलं तर. मला खात्री नाही."

गावाचं नाव जगभरच्या पुस्तकात, आणि ज्याच्या दगडावर सापडलं तो मी. मनात म्हटलं, चालेल. खालची बाजू आधी फोडता येत होतीच, तेव्हा नुकसान फार नव्हतं. मी हो म्हणालो.

माझा मुकादम यल्लप्पा. दगड फोडण्यात हयात गेलेला माणूस. बाईंनी त्याला भिंगातून ती खरपुडी दाखवली. तो कितीतरी वेळ डोळा लावून बसला. "आयला! ह्यात तर आख्खं रान हाय की, बाई!" बाई हसल्या. मग गंभीर होऊन म्हणाल्या, "यल्लप्पा, मी रोज नाही येऊ शकत. याला कुणाचा घण, कुणाचा हात लागता कामा नये. तुमच्या भरवशावर सोडून चाललेय."

यल्लप्पाचं म्हणजे असं की सांगितलेलं काम तो डोक्यावर घेऊन चालायचा. कामगार सारखे बदलायचे, नव्या गड्याला काय कळणार? तो पंधरवड्यासाठी गावी निघाला तेव्हा त्याला या दगडाची काळजी लागली. मला विचारायचं तर मी नगरला कचेरीत. मग त्यानं त्याला ठाऊक असलेला सगळ्यात पक्का उपाय केला.

पंधरवडा उलटल्यावरच्या रविवारी बाई प्रार्थना आटोपून लुनावरून आल्या. योगायोगानं मीही होतो आणि यल्लप्पाही परतला होता. आम्ही वर चढलो. दगड उन्हात केशरी झळझळत होता. माथ्यापासून कमरेपर्यंत शेंदूर, चांदीचे डोळे, खाली फुटलेला नारळ.

"बगा बाई," यल्लप्पा छाती काढून म्हणाला. "आता कुनाची टाप हाय का हात लावायची? घण उचलंल त्याचा हात झडंल."

बाई उभ्याच्या उभ्या राहिल्या.

"तेलात कालवलाय का?" त्यांनी विचारलं.

"व्हय तर! चांगलं गोडं त्याल. कंजुषी न्हाई केली."

त्या मटकन खाली बसल्या. मला क्षणात सगळं कळलं. मी यल्लप्पाच्या अंगावर धावलो. त्याच्या सात पिढ्या उद्धरल्या. बिचारा एकदा माझ्याकडं, एकदा दगडाकडं बघत होता. आपलं काय चुकलं ते त्याला उमगत नव्हतं.

"ओरडू नका त्यांना," बाई म्हणाल्या. आवाज बारीक, पण असा की मी थांबलो. "मी सांगितलं ते त्यांनी केलं. दगड राखला. दगडावरचं श्वास घेतं, हे मी सांगायला हवं होतं."

मग त्या उठल्या. भिंग पुसलं. दगडाभोवती इंच इंच बघत फिरल्या. मागच्या अंगाला, गुडघ्याच्या खाली, जिथं शेंदूर पोचला नव्हता, तिथं तळहाताएवढा तुकडा जिवंत होता. बाकी सगळं तेलाखाली गेलेलं.

"मग तो काढून घ्या!" मी म्हणालो. "आत्ता. तेवढं तरी हाताशी राहील."

"फळ नाही त्याला."

"तुमच्या फळाची वाट बघत बसाल आणि तेही जाईल!"

"शेवटचा तुकडा काढत नाहीत, रामभाऊ."

"कोण काढत नाही?"

"मी."

आणि लुना चालू करून निघून गेल्या. मी पायथ्याच्या एका धोंड्याला लाथ मारली, ती मलाच लागली.

पुढं व्हायचं ते झालं. शेंदूर लागला की दगड दगड राहत नाही. कुणाची हरवलेली शेळी त्याच्यामागं सापडली. कुणाच्या पोराचा ताप उतरला. घंटा आली. अवसेला बायका तेलाची वाटी घेऊन चढू लागल्या. माझ्या खाणीत देव बसला! आणि दर अवसेला तेल माथ्यावरून ओघळत मागच्या त्या तुकड्याकडं सरकत होतं. बाई यायच्या, तेल किती जवळ आलं ते बोटानं मोजायच्या आणि जायच्या. बायकांना अडवायच्या नाहीत. एका रविवारी शेडमध्ये आल्या. चहाला हात लावला नाही.

"रामभाऊ, दोन बोटं राहिलंय. मी त्यांना काय तोंडानं सांगू? म्हणतील, ही चर्चमधली बाई आमच्या देवाला तेल नको म्हणते. तुम्ही बघा."

त्यांनी माझ्याकडं मागितलेली ही पहिली आणि शेवटची गोष्ट. मी गावातल्या पारावर जाऊन बसलो. समोर नाना, आमचे सरपंच. हा एकच माणूस माझ्याइतका चिवट.

"नाना, तेल-शेंदूर समोरून लावा. माथ्यावरून ओतू नका. मागची बाजू मोकळी सोडा."

"का बरं?"

"देवाच्या पाठीला कुणी शेंदूर फासतं का?"

"देवाला पाठ असती व्हय, शेठ?"

"पाठ नसलेला एक देव दाखवा, मी आत्ता उठतो."

पारावर हशा पिकला. नाना हसले नाहीत. "आमी पाठ सोडतो. तुमी दगड सोडा. खान बंद झाली तरी, पट्टा दुसऱ्याला दिला तरी, दगड गावचा. आन् म्होरं कट्टा बांधून द्या. वर पत्रा."

वर छप्पर नको, असं बाईंनी निघताना बजावलं होतं. दव अडतं म्हणे. "पत्रा नाही," मी म्हणालो. "उघड्यावरचा देव कडक असतो." ते पटलं. कट्टा कबूल केला. आणि दगड दिला. पंचांसमोर, कायमचा. दगड म्हणजे त्याच्यामागचा तो सगळा पाषाणही आला, कारण देवाच्या पाठीशी सुरुंग कोण लावणार? माझ्या आयुष्यातला सगळ्यात वाईट सौदा मी त्या पारावर केला, आणि तो करताना माझ्या डोळ्यांपुढं पुस्तकातलं गावाचं नाव होतं. बाईंना सांगितलं. त्यांनी भिंग पुसलं आणि म्हणाल्या, "बरं झालं." एवढंच. दुसरा कुणी असता तर पाया पडला असता.

त्या पावसाळ्यात काही आलं नाही. त्याच्या पुढच्या पावसाळ्यानंतर फळ धरलं. खसखशीहून बारीक काळे ठिपके. बाईंनी मला बोलावून दाखवले. मला काही दिसलं नाही, पण बाईंचा चेहरा दिसला. ब्लेडच्या टोकानं त्यांनी एकच ठिपका उचलला, कागदाच्या घडीत ठेवला आणि ती घडी ब्लाउजच्या आत ठेवली, बायका पैसे ठेवतात तशी.

उत्तरेकडं कुठंतरी मोठे तज्ज्ञ होते, त्यांना त्यांनी सूक्ष्मदर्शकातून काढलेली चित्रं पाठवली. उत्तर आलं, नवीनच दिसतं आहे, लिहायला घ्या. मी गावात पेढे वाटले. यल्लप्पानं देवापुढं नारळ फोडला. समोरून. नाना म्हणाले, "शेठ, आता आपलं गाव विलायतेत." बाई तेवढ्या म्हणत राहिल्या, "थांबा. अजून एक बघायचंय."

आणि एका दुपारी त्या क्रशरवर आल्या. खडीचा धुरळा, कानठळ्या बसवणारा आवाज. खडी वाहणाऱ्या पट्ट्याच्या पलीकडून त्या काहीतरी ओरडल्या. मला ऐकू येईना. मी क्रशर बंद करायला लावला. दिवसाढवळ्या, डंपर रांगेत उभे असताना.

"नवीन नाही," बाई म्हणाल्या.

"काय?"

"नाव आहे त्याला. फार वर्षांपूर्वी दक्षिणेतल्या एका डोंगरावर कुणीतरी एक तुकडा गोळा केला होता. त्यानंतर कुणालाच सापडलं नाही. तो जुना तुकडा मी मागवून घेतला. काल शेजारी शेजारी ठेवून बघितलं. बीजाणू तेच, कड तीच. तेच आहे."

"तज्ज्ञांनी नवीन म्हटलं ना?"

"त्यांनी जुना तुकडा काढून बघितला नव्हता. वेळ नसेल."

"मग तुम्हाला कुणी सांगितलं होतं बघायला?"

"नाव देण्याआधी बघावं लागतं."

मी जवळ गेलो. आवाज खाली आणला. सौद्यातला माझा शेवटचा आवाज. "बाई, हे कुणाकुणाला माहीत आहे?"

"तुम्हाला आणि मला."

"मग झालं. तो तुकडा परत पाठवून द्या. तज्ज्ञ नवीन म्हणतायत, तुम्ही नवीन लिहा. कोण येतंय इथं बघायला?"

"दोघांना माहीत आहे ना, रामभाऊ."

मग मात्र माझा तोल गेला. काय काय बोललो ते सगळं लिहीत नाही. दगड गेला, पाषाण गेला, कट्टा बांधून दिला, गावात तोंड दाखवायला जागा उरली नाही, आणि हे सगळं तुमच्या त्या खात्रीपायी. आयुष्यात एकदा खात्री झाली, ती नेमकी आम्हाला बुडवायला! डंपरवाले खाली उतरून ऐकत उभे राहिले. बाईंनी सगळं ऐकून घेतलं. भिंगाला हात नाही, पदराला नाही. माझं संपल्यावर म्हणाल्या, "तुमचा दगड गेला, खरं आहे." मग जायला वळता वळता, "माझंही गेलं."

त्यांनी एका मासिकात लहानसं टिपण दिलं. अमुक शैवाक, पूर्वी एकदाच सापडलेलं, नगर जिल्ह्यात आढळलं. गावाचं नाव त्यात होतं, पण कुठं सापडलं ते सांगण्यापुरतं. यल्लप्पानं ती छापील पानं प्लॅस्टिकमध्ये घालून शेडमध्ये टांगली. मी वाचली नाहीत. निवृत्तीच्या समारंभाचं बोलावणं आलं, मी गेलो नाही. त्या भावाकडं नगरला राहायला जाणार असल्याचं कानावर आलं. म्हटलं, जाऊ द्या.

त्यानंतर काही दिवसांनी खालच्या अंगाला सुरुंग भरले होते. दुपारची वेळ. गडी डंपरच्या आडोशाला गेलेले, रस्त्यावरची गुरं हाकललेली. मी शिट्टी मारून शेवटचं वर बघितलं, तर देवामागून कॅनव्हासचे दोन बूट बाहेर आलेले. तळवे आकाशाकडं. बाई पालथ्या पडून बघत होत्या. लुना पायथ्याशी बाभळीला टेकवलेली होती आणि तिच्या कॅरियरला सामानाची वळकटी बांधलेली होती.

"बाई!" मी बोंब ठोकली. "सुरुंग आहे! उठा तिथून!"

बूट जागचे हलले नाहीत.

"नाव कळलंय ना त्याचं? आता काय बघताय मेलं?"

दगडामागून एक हात वर आला. पंजा उघडा. थांबा. मग आवाज आला, वाऱ्यावर अर्धामुर्धा, "वाढलंय, रामभाऊ!" आणि हात तसाच वर राहिला.

मी शिट्टी तोंडात धरून उभा. ऊन डोक्यावर. रस्त्यावर ठेकेदाराचे डंपर खडीसाठी थांबलेले, एकजण हॉर्न वाजवायला लागला होता. वातीपाशी काडेपेटी घेऊन बसलेला यल्लप्पा कंटाळून ओरडला, "शेठ, लावू का?"

"थांब की जरा!" मी त्याच्यावर खेकसलो. "दिसत नाही का, बाई बघतायत."